सिस्टीमला दिसत नाही

वसुबारसेच्या आदल्या संध्याकाळी आप्पांबरोबर आमच्या तालुक्याच्या सहकारी संघाच्या बझारला गेले होते. दिवाळीचं सामान घ्यायचं होतं. रवा, मैदा, पोहे, तेलाचा डबा, उटणं, आणि आईनं चिठ्ठीच्या मागच्या बाजूला वेगळं लिहून दिलेलं, ‘चण्याची डाळ बघून घेणे, कीड नको’. आप्पा ट्रॉली ढकलत नाहीत, ती त्यांना पोरांची पांगुळगाडी वाटते. हात मागे बांधून ते पुढं चालतात आणि मी मागून ट्रॉली घेऊन. काउंटरला आमचा नंबर आला तेव्हा तिथल्या मुलीनं स्क्रीनवरची नजर न काढता विचारलं, “मेंबर आहे?” आप्पा म्हणाले, “सभासद हाय. तीनशे बारा.” तिनं मोबाईल नंबर विचारला. आप्पांचा सांगितला, तिनं टाकून बघितला. माझा सांगितला, तोही बघितला. मग मान वर करून, शिकवून पाठ केलेल्या गोड आवाजात म्हणाली, “काका, सिस्टीमला दिसत नाही. नवीन कार्ड करून देऊ? फ्री आहे. शंभरला एक पॉइंट पडतो.”

“अगं, मी सभासद म्हणतोय. गिऱ्हाईक न्हवं.”

“हो काका, तेच. कार्ड केलं की मेंबर होताय.”

मागं रांग होती. एका बाईच्या कडेवरचं पोर आमच्या ट्रॉलीतला पणत्यांचा बॉक्स ओढत होतं. आप्पांनी एकदा मुलीकडं बघितलं, एकदा दरवाज्यावरच्या फ्लेक्सकडं. ‘२०२५ आंतरराष्ट्रीय सहकार वर्ष’, खाली सगळ्या संचालकांचे हसरे चेहरे. मग म्हणाले, “कर.” हिरवं, गुळगुळीत कार्ड हातात आलं. ते त्यांनी शर्टाच्या वरच्या खिशात, चष्म्याच्या घरामागं ठेवलं. येताना ओढ्याच्या पुलापर्यंत काही बोलले नाहीत. पुलावर गाडी हळू केली तेव्हा मागून आवाज आला, “पोरीची काय चूक न्हाई म्हणा.”

मी तरी कुठं म्हटलं होतं तिची चूक आहे म्हणून? पण ते वाक्य पुण्याला परत आल्यावरही सोबत राहिलं. माझ्याकडं अशी सात-आठ कार्डं आहेत, त्यातलं एकही मला कधी टोचलेलं नाही. मग हेच का टोचावं?

मला आठवणारा संघ म्हणजे एसटी स्टँडच्या मागचं लांबलचक गोडाऊन. तालुका खरेदी-विक्री संघ हे त्याचं पूर्ण नाव फक्त पाटीवर आणि पावतीवर असायचं, बोलण्यात नुसता ‘संघ’. आत शिरलं की आधी वास यायचा. सुपर फॉस्फेटचा आंबट, कीड मारायच्या बीएचसी पावडरीचा डोक्यात जाणारा, आणि ह्या सगळ्याखाली गोणपाटाचा, ओलसर, घरच्यासारखा. जमिनीत बसवलेला मोठा काटा होता. खत उतरवून झालं की हमालमामा आम्हा पोरांना त्यावर उभं करायचे आणि वजन मोठ्यानं सांगायचे. “अठरा किलो! युरियाच्या पोत्याला तीन पोरं लागत्यात ही.” पोतं तेव्हा पन्नास किलोचं होतं. जाळीमागं क्लार्क बसायचे. निळा कार्बन सरळ करून घालायचा, पेन्सिल जोरात दाबायची, आणि वरची पावती टरकन फाडून द्यायची. मागच्या भिंतीवर धनंजयराव गाडगीळ आणि यशवंतराव चव्हाण, दोघांच्या फोटोंना एकाच दिवशी वाळलेले हार. त्यावर लाल अक्षरांत ‘विना सहकार नाही उद्धार’. ‘द्धा’चा पाय उडाला होता. ते मी बरीच वर्षं ‘उदार’ असंच वाचत होते, आणि उधारीच्या वहीच्या बरोबर वर ते लिहिलंय म्हणजे उधारीशीच त्याचा काहीतरी संबंध असणार, अशी माझी समजूत होती.

संघात पैसे घेऊन जायचं नसतं, चिठ्ठी घेऊन जायचं असतं. गावातल्या विकास सोसायटीनं पीककर्ज मंजूर करायचं, त्यातला काही भाग रोख द्यायचा आणि खताच्या वाट्याची चिठ्ठी द्यायची. ती चिठ्ठी संघातच चालायची. म्हणजे गिऱ्हाईक बांधलेलं होतं. आज हे कुणाला सांगितलं तर जुलूम वाटेल, पण तेव्हा त्याची दुसरी बाजू अशी होती की पेठेतला खाजगी दुकानदारसुद्धा भाव सांगायच्या आधी विचारायचा, “संघात काय लावलंय?” संघाचा भाव काढायला माणसं चार किलोमीटर सायकल मारून जायची आणि खरेदी पेठेतच करायची. संघ न विकताही भाव धरून ठेवायचा. हे मला तेव्हा कळत नव्हतं. आप्पांना कळत होतं, पण ते त्याला मालकी म्हणत नसत, ‘आपला एक धाक असतो’ म्हणत.

आजी मात्र संघाचं नाव काढलं की बहात्तरचा दुष्काळच सांगायची. तांबडी मिलो संघातून यायची, घोंगडी पांघरून रांगेत बसायचं, आणि भाकरी थापली की तिला काठाला भेगा पडायच्या. “जनावरं खात न्हवती ती ज्वारी आमी खाल्ली,” असं ती म्हणायची आणि पुढच्याच वाक्यात, “पण संघ हुता म्हणून मिळाली तरी.” ही दोन वाक्यं तिनं कधी वेगळी केली नाहीत. अलीकडं संघाबद्दल चांगलं किंवा वाईट एकच काहीतरी बोलायची पद्धत पडली आहे, तेव्हा मला तिची आठवण येते.

कोल्हापूरला गेलो की आप्पा आम्हाला भवानी मंडपात शेतकरी संघाच्या इमारतीत न्यायचे. तात्यासाहेब मोहित्यांनी १९३९ साली उभा केलेला संघ. त्यांच्या खताच्या पोत्यावरचा बैल आमच्या गोठ्यातल्या बैलापेक्षा तरतरीत दिसायचा. बैल छाप पोत्यांची नंतर घरात पायपुसणी व्हायची, पावसात डोक्यावरची खोळ व्हायची, आणि एका वर्षी तर दादाच्या दप्तराचं अस्तर झालं होतं. शेतकऱ्यांचं दुकान एवढं मोठं, दगडी असू शकतं ह्याचं मला अप्रूप होतं. पुढं वारणेचा बझार बघितला. साखर कारखाना, दूध आणि त्याच्या शेजारी साबणापासून साडीपर्यंत सगळं. तेव्हा आप्पा दारातच थांबून म्हणाले होते, “आपल्या संघाला हे जमायचं न्हाई.”

जमलं. उशिरा जमलं, पण जमलं.

आता तिथं गोडाऊन एका कोपऱ्यात गेलंय. पुढं काचेचा बझार, शेजारी औषधाचं दुकान, हमरस्त्याला पेट्रोल पंप, आणि दोन मोठ्या गावांत बझारच्याच लहान शाखा. आसपासच्या तालुक्यांतल्या काही संघांच्या जागांत आज मोबाईलची नाहीतर फर्निचरची दुकानं भाड्यानं बसली आहेत आणि संघ म्हणून एक शिपाई आणि एक शिक्का उरलाय. आमचा तसा का झाला नाही, हे मला दादाच्या वर्गातल्या मॅनेजरनं चहा पिता पिता सांगितलं. युरियाचं पोतं २०१८ पासून ४५ किलोचं झालं, किंमत २६६ रुपये ५० पैसे. ती सरकारनं बांधलेली. त्यात दुकानाला सुटतात जेमतेम सोळा रुपये. हमाली, फाटलेली पोती, सांडलवंड सगळं त्यातच. बरं, खत खपतं ते जून-जुलैत आणि परत दिवाळीच्या आगंमागं. कंपनीला पैसे आधी भरायचे, आणि शेतकरी देणार उसाचं बिल निघाल्यावर. “तेलाच्या डब्याचं काय सांगू, ताई,” तो म्हणाला, “आठवड्यात फिरतो. माल विकून झाल्यावर आम्ही व्यापाऱ्याला पैसे देतो. खतात आमचं भांडवल निजतं, किराण्यात ते पळतं.” हे सांगताना त्याचा चेहरा खुलला होता. म्हणजे खताचं दुकान आता किराणा, पेट्रोल आणि औषधांच्या जिवावर उभं आहे. आतबट्ट्याचा धंदा मात्र पाटीवर पहिला, कारण नाव त्याचंच आहे.

आणि त्या खताच्या खिडकीवर जे चालतं ते बघवत नाही. अनुदानाचं खत आता मशीनवर आधारचा अंगठा देऊन मिळतं. आप्पांचा अंगठा उठत नाही. पन्नास वर्षं खुरपं, कोयता आणि मोटारीचा स्टार्टर, त्यात रेषा राहणार कुठं? ते अंगठा धोतराला पुसतात, केसांतून फिरवून तेल लावतात, परत टेकवतात. मशीन लाल होतं. मग दादाचा अंगठा. वर युरिया पाहिजे तर सोबत कुठलंतरी विद्राव्य खत नाहीतर बाटली घ्यावी लागते. लिंकिंग. बोर्डावर लिहिलेलं नसतं, तोंडानं सांगतात. खाजगी दुकानदारानं केलं तर त्याला शिव्या घालता येतात. संघात केलं तर कुणाला घालायच्या? मॅनेजर म्हणतो, वरून कंपनी आमच्या गळ्यात मारते, आम्ही कुठं टाकायचं? खरं असेल. पण आप्पा ती बाटली घरी आणून गोठ्याच्या फळीवर ठेवतात. तशा अकरा बाटल्या मी मोजल्या. धूळ बसलेल्या, सील न फोडलेल्या, ओळीनं. आपल्याच दुकानानं आपल्याला विकलेल्या.

एवढं लिहून झाल्यावर मला गोडाऊनची आठवण काढून हळवं व्हायला सोपं आहे. पण आईला हे वाचून दाखवलं तर ती म्हणेल, तुझा तो गोडाऊन तुलाच लखलाभ.

आईनं तो जुना संघ आतून कधी बघितलाच नव्हता. बायका तिथं जात नसत. पुरुष पोत्यांवर बसून तंबाखू मळत, राजकारण बोलत, आणि आई बाहेर बैलगाडीत, नंतर बाहेर एम-एटी गाडीवर, पदर सावरत थांबलेली. किराणा आणायचा तर पेठेत, तोही काउंटरच्या अलीकडून. काय पाहिजे ते मोठ्यानं सांगायचं, दुकानदार पुड्या बांधणार, डाळ कशी निघाली ते घरी गेल्यावर कळणार. बझार निघाला तेव्हा ती पहिल्यांदा आत गेली आणि दोन तास बाहेर आली नाही. काही विशेष घेतलं नाही. तांदूळ हातावर घेऊन बघितले, साबणांचे वास घेतले, एका डब्याचं झाकण उघडून परत लावलं. “कोण काय म्हणत न्हाई गं,” मला फोनवर म्हणाली. मला आणखी एक आठवतं. मी कॉलेजात होते तेव्हा पॅड आणायचे म्हणजे औषधाच्या दुकानात गर्दी कमी होईपर्यंत रस्त्याच्या पलीकडं थांबायचं, मग कुजबुजायचं, मग तो वर्तमानपत्रात गुंडाळून, काळ्या पिशवीत घालून देणार. परवा बझारमध्ये नववी-दहावीतली एक मुलगी मैत्रिणीशी गप्पा मारत रॅकवरून पाकीट उचलून बास्केटमध्ये टाकून पुढं गेली. वर बिस्किटं टाकली. शेतकऱ्यांच्या संघानं हे करायचं म्हणून केलं असेल असं मुळीच नाही. पण केलं.

खरं तर बझारची वाढ ही आईसारख्या बायकांनीच केली आहे. हंगामात एकदा पंचवीस पोती उचलणारा पुरुष आणि दर आठ दिवसांनी पिशवी घेऊन येणारी बाई, ह्यात दुकान कुणावर चालतं ते मॅनेजरला पाठ आहे. सभासद यादीला ते माहीत नाही. सभासद व्हायला सातबारा लागतो आणि सातबाऱ्यावर बाईचं नाव कधी लागतं? नवरा गेल्यावर. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेनं नव्वदच्या आसपास लक्ष्मीमुक्तीची मोहीम काढली होती, बायकोच्या नावावर रानाचा तुकडा करा म्हणून. आमच्या गावातून दोघांनी केला म्हणतात. आप्पा त्या सभेला होते. टाळ्या त्यांनीही वाजवल्या असणार. कायद्यानं संचालक मंडळात आता बायकांना दोन जागा आहेत, त्या आमच्याकडं दोन माजी संचालकांच्या घरात व्यवस्थित बसल्या आहेत.

दादानं मध्यंतरी जी.डी.सी. अँड ए.ची, म्हणजे सहकार आणि हिशेबाच्या सरकारी पदविकेची, परीक्षा द्यायचं मनावर घेतलं होतं, पुस्तकं आणली, पहिल्या प्रकरणाच्या पुढं गेला नाही. पुढची मी वाचली. पहिल्या प्रकरणात रॉशडेल असतंच. २१ डिसेंबर १८४४, इंग्लंडमधली गिरणीची वस्ती, अठ्ठावीस जण पैसा पैसा जमवून दुकान उघडतात. फळीवर लोणी, साखर, पीठ, ओटचं भरड आणि मेणबत्त्या, एवढाच माल. भेसळ नाही, माप चोख, आणि नफा शेअरवर नाही तर ज्यानं जेवढी खरेदी केली त्या मानानं त्याला परत. मला हे शेवटचं वाचून गंमत वाटली. हिरव्या कार्डावरचे शंभरला एक पॉइंट म्हणजे त्याचंच नातवंड दिसतंय, फक्त बापाचं नाव विसरलेलं. दुसरी गोष्ट वाचली ती अशी की दोन वर्षांच्या आत, १८४६ साली, त्यांनी एका बाईला सभासद करून घेतलं. त्या काळी तिथल्या कायद्यात लग्न झालेल्या बाईची मिळकत नवऱ्याची समजली जायची. मी पान दुमडून ठेवलं. दादाला दाखवलं तर तो म्हणाला, “हे परीक्षेला येत नाही.”

संघाची वार्षिक सभा सप्टेंबर संपायच्या आत घ्यावी लागते. आप्पा एकही चुकवत नाहीत. पांढरी टोपी त्या दिवशी नीळ दिलेली असते. मी एकदाच गेले होते, शाळेत असताना, त्यांच्या सायकलच्या दांडीवर बसून. मंडपात गरम होत होतं. चेअरमन अहवालातला एक एक विषय वाचत होते, आणि प्रत्येक विषयाच्या शेवटच्या दोन शब्दांवर मंडपातून ‘मंजूऽऽर’ असा आवाज येत होता, म्हणजे वाक्य पुरं व्हायच्या आधीच. ‘आयत्या वेळचे विषय’ आले की मागची माणसं उठून जेवणाच्या रांगेकडं सरकायची. त्या वेळी आप्पा उभे राहायचे. काट्याबद्दल विचारायचे, उधारी थकवलेल्या बड्या नावांची यादी वाचा म्हणायचे. यादी कधी वाचली गेली नाही. पण ‘पुढच्या मीटिंगला विचार करू’ असं उत्तर त्यांना दर वर्षी मिळायचं, माईकवरून, नावानिशी, आणि त्यावर ते समाधानानं बसायचे. लाभांशाला कायद्यानंच १५ टक्क्यांची वेस घातलेली. आमच्या घराला मिळायचे पन्नास रुपये. रजिस्टरवर सही करून आप्पा ते घ्यायचे आणि स्टँडवर तिघांची मिसळ व्हायची. हा पन्नास रुपयांचा मालक! पण त्या सभेत पाचशे पोती घेणारा बागायतदार आणि आप्पा दोघांचंही मत एकच धरलं जायचं, आणि हे आप्पा कधी विसरत नसत.

भाऊबिजेच्या आधी एक दिवस मी माळ्यावरची ट्रंक काढली. आप्पांना कळू न देता. बझारमध्ये जाऊन शेअर सर्टिफिकेट समोर ठेवायचं आणि नंबर लावून घ्यायचा, असा माझा बेत होता. इन्शुरन्सचे कागद, आजीच्या डोळ्यांच्या ऑपरेशनची फाईल, डांबराच्या गोळ्या, आणि तळाशी घडीवर चिरत आलेलं ते सर्टिफिकेट. नक्षीदार किनार, मध्यभागी नांगर. शंभर रुपयांचे पाच भाग. सभासद क्रमांक ३१२. नाव आजोबांचं.

आजोबा जाऊन सत्तावीस वर्षं झाली.

मी कागद उलटा करून बघितला. मागं हस्तांतराचे रकाने होते, सगळे कोरे. नॉमिनीच्या ओळीवर एक आडवी रेघ. मग एकेक आठवत गेलं. सभेची नोटीस आजोबांच्या नावानंच यायची. कुणाला खटकायचं नाही, लाईटबिलही अजून त्यांच्याच नावानं येतं. लाभांशाच्या रजिस्टरवर आप्पा स्वतःची सही करायचे, जाळीमागचे क्लार्क ओळखीचे, त्यांनी कधी विचारलं नाही. क्लार्क रिटायर झाले. नवीन सॉफ्टवेअर आलं तेव्हा याद्या तपासल्या, वारस न लागलेली नावं बाजूला काढली. मॅनेजरनं दादाला फोनवर हेच सांगितलं, “तीनशे बारासमोर मयत लागलंय.” म्हणजे ती काउंटरवरची मुलगी खरं बोलत होती. सिस्टीमला दिसत नव्हतं, कारण दिसण्यासारखं काही नव्हतंच. काटा, थकबाकी, आयत्या वेळचे विषय, हे सगळं आप्पा सत्तावीस वर्षं दुसऱ्याच्या नंबरावर विचारत होते, आणि विचारू दिलं जात होतं. मला आधी हसू आलं. मग ते मिसळीचे पन्नास रुपये आठवले आणि हसू राहिलं नाही.

आप्पांना सांगावंच लागलं. त्यांनी चष्मा लावून सर्टिफिकेट वाचलं, जणू पहिल्यांदाच. “मला वाटलं बाबा माझ्या नावावर करून गेल्यात,” एवढंच म्हणाले. मग एकदम कामाला लागले. वारसनोंदीला काय लागतं ते दादानं विचारून ठेवलं होतं. मृत्यूचा दाखला, वारसाचं प्रतिज्ञापत्र, बाकीच्या वारसांची नाहरकत. स्टँपपेपर आता पाचशेच्या खाली मिळत नाही. पाचशेच्या शेअरसाठी पाचशेचा स्टँप. दादा म्हणाला, सोडा की आप्पा, गावातल्या सोसायटीत नवीन सभासद व्हा. २०२१ ला केंद्रात सहकाराचं वेगळं मंत्रालय झालं, त्यानंतर नवे आदर्श उपविधी आले, आता गावातली सोसायटीसुद्धा पेट्रोल पंपापासून जनऔषधीपर्यंत पंचवीसहून जास्त धंदे करू शकते, उद्या तिचाही बझार निघेल. आप्पांनी त्याच्याकडं बघितलं. “तीनशे बारा,” म्हणाले, “नवीन नंबर कितीचा यील? आठ हजार?”

बाकीचे वारस म्हणजे आत्या.

ती भाऊबिजेला आली. ओवाळून झालं, ताटात साडी ठेवून झाली, फराळ झाला, आणि आप्पांनी तो कागद चकलीच्या डब्याशेजारी ठेवला. पेन वर ठेवलं. आत्यानं चष्मा काढला, पुसला, लावला, आणि सावकाश सगळा कागद वाचला. तिच्याकडं वाचून सही करायची पद्धत नाही. रानाच्या हक्कसोडीला तिनं तहसीलच्या पायरीवर उभ्या उभ्या सही केली होती, मी बरोबर होते.

“रानाची सही मागितलीस तवा मी काय बोललो न्हाई,” ती म्हणाली. आमच्याकडं बायका अशाच बोलतात, ‘बोलले’ नाही, ‘बोललो’. “आता दुकानाची बी?”

“आगं, पाचशे रुपयांचं हाय ते.”

“मग माझंच नाव लाव की. पाचशेच हाईत न्हवं.”

स्वयंपाकघरात आई भांडी घासत होती, तो आवाज थांबला. आप्पा हसले, कारण आत्याही हसत होती. पण तिनं पेन उचललं नाही, आणि आप्पांनीही कागद उचलला नाही. तो रात्रभर डब्याशेजारीच होता, सकाळी त्यावर तेलाचा एक गोल उमटला होता.

दुसऱ्या दिवशी तिला एसटीला सोडायला मी आणि आप्पा गेलो. गाडीला वेळ होता म्हणून बझारमध्ये शिरलो. दारात नेहमीची भाजीवाली मावशी मेथीच्या जुड्यांवर पाणी मारत बसली होती. आत गूळ एका कंपनीचा, पाकिटातला, आणि गुऱ्हाळं आमच्या गावात तीन. आत्यानं नातवासाठी बोर्नव्हिटा घेतला, आईसारखीच चार साबणांचे वास घेतले आणि पाचवा उचलला. काउंटरला तीच मुलगी होती. “मेंबर आहे?”

आत्यानं आप्पांकडं बघितलं. “ठरायचंय आजून.”

“कार्ड करून देऊ? फ्री आहे.”

“दे.”

“पूर्ण नाव?”

आत्याच्या लग्नाला त्रेचाळीस वर्षं झाली. तिनं आधी स्वतःचं नाव सांगितलं, लग्नाआधीचं, जे आता फक्त आप्पा हाक मारायला वापरतात. मग आजोबांचं. मग आमचं आडनाव. मुलगी एकेक अक्षर टाईप करत होती. आप्पा शेजारच्या तेलाच्या डब्यावरची किंमत वाचत उभे होते.